टॅको, चिकू आणि सांगलीची पाल



बरेच दिवस लेख नाही म्हणून दोघीतिघींचे फोन आले. तब्येत ठणठणीत आहे. पाच महिने मुलाकडे टेक्सासला होते, परवाच सांगलीत परतले. उन्हाळी लोणच्याचा लेख द्यायचा राहिलाय हे लक्षात आहे, तो पुढच्या वेळी देईन. आज मात्र तुम्हाला पालीची गोष्ट सांगायची आहे. शीर्षक वाचूनच काहीजणींनी नाक मुरडलं असेल. मीही मुरडलं होतं.

आपल्या घरात पालीचं स्थान काय, ते तुम्हाला माहीत आहे. दूध जाळीखाली, भाजीवर ताट, पाण्याच्या हंड्यावर झाकण. माझ्या सासूबाई दिवेलागणीला स्वयंपाकघराचं दार ओढून घ्यायच्या, ते निम्मं पालीच्याच भीतीनं. पंचांगात तर पल्लीपतनाचं कोष्टकच असतं, कुठल्या अंगावर पडली तर काय फळ. आपण ते मानत नाही म्हणतो, पण पडली की आधी डोक्यावरून आंघोळ करतो. मारायची मात्र नाही. केरसुणीनं हुसकायची, तीही हलक्या हातानं, नाहीतर शेपटी टाकून जाते आणि ती तुटकी शेपटी वळवळताना बघून दिवसभर जेवण जात नाही.

तर अशा घरातल्या बाईला अकरा वर्षांचा नातू विमानतळावरच सांगतो, “आजी, मला वाढदिवसाला गेको पाहिजे.”

गेको म्हणजे काय ते मला माहीत नव्हतं. त्यानं गाडीतच मोबाईलवर चित्र दाखवलं. मी म्हटलं, “अरे, ही तर पाल!” तो म्हणाला, “हो आजी, पण ही लेपर्ड गेको आहे.” जणू काही पालीला आडनाव लागलं की ती सोवळ्यात आली.

त्याच्या डोक्यात हे आलं समोरच्या घरातून. तिथे एक मेक्सिकन कुटुंब राहतं. माणसं फार चांगली, आमच्यासाठी बिनअंड्याचा केक मुद्दाम शोधून आणणारी. त्यांच्या मुलाकडे एक लेपर्ड गेको होता, नाव टॅको. नातवाचं म्हणणं, टॅकोसारखाच हवा. मुलगा म्हणाला बघू. सूनबाई म्हणाल्या, “आई ठरवतील ते.” सुनेनं निर्णय सासूवर टाकला की समजायचं, तिलाही तो नको आहे पण वाईट व्हायचं नाही.

मी बी.कॉम. १९८० सालची. नोकरी केली नाही, पण हिशेब सुटला नाही. नातवाला म्हटलं, तुझा तो टॅको खातो काय? तो म्हणाला, रातकिडे आणि अळ्या, जिवंत. फळ? नाही. भाजी? नाही. दूधभात? तो हसायलाच लागला. लेपर्ड गेको फक्त कीटक खातो, आणि तोही हलणारा, तरच त्याचं लक्ष जातं. मोठा झाल्यावर एक दिवसाआड पाच-सहा.

मी पाकिटाच्या पाठीवर आकडे मांडले. आठवड्याला अठरा धरले, तर वर्षाला ९३६. हा प्राणी नीट सांभाळला तर पंधरा वर्षं सहज जगतो, वीसही. पंधरा धरू. १४,०४०. चौदा हजार जीव, आणि तेसुद्धा चतुरिंद्रिय! पाकीट मुलाच्या पुढ्यात ठेवलं. तो म्हणाला, “आई, तू याची पण खतावणी केलीस?”

नातू मात्र आकडा बघून गप्प झाला नाही. तिथल्या पाठशाळेत जातो तो, त्यामुळे इंद्रियांचं त्याला पाठ आहे. म्हणाला, “आजी, चतुरिंद्रिय म्हणजे कान नाहीत ना? पण रातकिड्याला कान असतात. पुढच्या पायात, गुडघ्याच्या खाली.” मला वाटलं थट्टा करतोय. पुस्तक आणून दाखवलं. खरंच असतात. मादी त्या कानांनी नराचं किरकिरणं ऐकून त्याच्याकडे येते. आता याला काय उत्तर द्यावं? यंदा चातुर्मासात महाराजांना विचारणार आहे. तोवर त्याला एवढंच सांगितलं, की कान असतील तर मग तुझी बाजू आणखीच पडकी झाली.

तो त्यालाही तयार होता. “आपण नाही आणला तर तो दुसऱ्याच्या घरी राहील आणि तिथे रातकिडे खाईलच ना? मग फरक काय पडला?” मी कृत, कारित, अनुमोदना समजावलं. करणारा, करवणारा आणि मान डोलावणारा. दुकानातला डबा आपल्या पैशानं आला की आपण कारितमध्ये आलो. पटलं असं तो म्हणाला नाही, पण विषय थांबला.

थांबला म्हणजे तीन आठवडे. जूनमध्ये समोरचे सगळे त्यांच्या गावी निघाले आणि टॅकोला ठेवायचं कुठे असा प्रश्न आला. नातवानं माझ्याकडे बघितलं. पाहुणा म्हणून यायला हरकत नाही, असं माझ्याच तोंडून गेलं.

टॅको आला तो मोठ्या आडव्या काचेच्या पेटीतून. मी पहिले दोन दिवस लांबूनच बघितलं. मग जवळून. आणि मैत्रिणींनो, खरं सांगते, किळस कुठे गेली कळलं नाही. ही आपल्या भिंतीवरच्या पालीसारखी नाहीच. वीतभर लांब, पिवळी, अंगावर काळे ठिपके. पायाच्या बोटांना चिकटण्याची गादी नाही, साध्या नख्या. त्यामुळे भिंतीवर चढता येत नाही, जमिनीवर चालते, पोट उचलून, पायरी उतरणाऱ्या म्हातारीसारखी. आणि डोळ्यांना पापण्या! आपल्या घरातल्या पालीला पापण्या नसतात, ती जिभेनं डोळा पुसते. टॅको डोळे मिटून झोपायचा. झोपेतून उठला की एक डोळा आधी उघडायचा. पापणी असली की प्राणी आपल्याकडे बघतोय असं वाटतं, त्याला काय करणार?

मूळचा हा अफगाणिस्तान, पाकिस्तान आणि आपल्या वायव्येकडच्या कोरड्या, खडकाळ मुलखातला. त्याचा एक भाऊबंद तर आपल्या महाराष्ट्रात आणि गुजरातमध्येही आहे, आणि विषारी समजून लोक त्याला ठेचतात. तो विषारी नाही. हे मला टेक्सासमध्ये जाऊन कळलं. सांगलीत जन्म गेला, कुणी सांगितलं नव्हतं.

वाळवंटी प्राणी असल्यानं त्याच्या पेटीची एक बाजू गरम लागते, नव्वद अंश फॅरनहाइटच्या आसपास, आणि दुसरी थंड. पोटाला ऊब मिळाली तरच अन्न पचतं. एक ओलसर डबी ठेवायची, त्यात बसून तो कात टाकतो आणि टाकलेली कात खाऊनही टाकतो. सूनबाईंना २०२१ च्या फेब्रुवारीतली थंडी आठवली. टेक्सासची वीज गेली होती, घरात माणसंच कुडकुडत होती; तेव्हा असा प्राणी असता तर काय केलं असतं, म्हणाल्या. शेपटी जाड, गाजरासारखी. त्यात तो चरबी साठवतो, उंटाच्या वशिंडासारखी. हे शेपटीचं लक्षात ठेवा, पुढे येणार आहे.

आणि त्याच्याबरोबर आला रातकिड्यांचा डबा. आत अंड्याच्या ट्रेचे तुकडे, त्यांना लपायला. आमच्या घरात अंडं कधी आलं नाही, पण अंड्याचा ट्रे आला. त्यातले मोठे नर रात्री किरकिरायचे. अमेरिकेत त्या बंद काचांच्या घरात मला झोपेत सांगलीचा पाऊस आठवायचा.

दुसऱ्या आठवड्यात नातू शाळेच्या शिबिराला चार रात्री गेला. मुलगा ऑफिसच्या कामासाठी बाहेरगावी. सूनबाई झुरळ दिसलं तरी खुर्चीवर चढतात. मी म्हटलं, “जा रे, मी बघते.” का म्हटलं, देव जाणे. नातवानं कागदावर लिहून ठेवलं होतं. सहा रातकिडे कपात घ्यायचे, चिमूटभर कॅल्शियमची पांढरी पूड टाकायची, कप हलवायचा, सगळ्यांना पूड लागली की पेटीत सोडायचे. आपण शेंगदाण्याला तिखटमीठ लावतो ना, तसं.

पहिल्या संध्याकाळी मी डबा उघडला. त्यांना खायला-प्यायला द्या असंही कागदावर होतं. गाजर किंवा बटाट्याची चकती, त्यातूनच त्यांना पाणी मिळतं. कंदमूळ काही घरात नव्हतं, मी सफरचंदाची फोड ठेवली. ते सगळे तिच्याभोवती जमले. मिशा हलवत खायला लागले. मी दहा मिनिटं बघत बसले. आणि मग त्यातले सहा उचलायला हात काही पुढे होईना. ज्याला आत्ता आपण वाढलं, त्यालाच उचलून कपात कसं घालणार? डबा बंद केला. पेटीतलं पाणी बदललं. टॅको दगडाच्या कडेला येऊन बसला होता, वाट बघत.

तिसऱ्या दिवशीही तेच. मी स्वतःला सांगितलं, की त्याच्या शेपटीत साठा आहे, मोठं जनावर आठ-पंधरा दिवस सहज काढतं. ते खोटं नव्हतं. निरोगी मोठा लेपर्ड गेको काढतो. पण मी ते त्याच्यासाठी वाचलं नव्हतं, माझ्यासाठी वाचलं होतं. दोन्ही दिवस मी सामायिक केलं आणि दोन्ही दिवस माळ हातात घेतली की डोळ्यांसमोर तो दगडाच्या कडेला बसलेला.

नातू आला. बॅग टाकून आधी पेटीकडे. मग डबा बघितला, मग कागद, मग मला. त्याला मोजता येतं, आजीचा नातू आहे.

“आजी, तू त्याला काहीच नाही दिलंस?”

मी म्हटलं, “उपास झाला समज त्याचा.”

तो म्हणाला, “त्यानं नियम घेतला होता का?”

माझ्याकडे उत्तर नव्हतं. उमास्वामींच्या तत्त्वार्थसूत्रात अहिंसाणुव्रताचे पाच अतिचार सांगितलेत, बस्तीतल्या स्वाध्यायात किती वेळा वाचलेत. जनावराला बांधून ठेवणं, मारणं, अवयव छेदणं, जास्त ओझं लादणं आणि पाचवा अन्नपाननिरोध, खाणंपिणं रोखणं. मी चौदा हजारांचा हिशेब मांडला होता, पण ही रक्कम धरलीच नव्हती. शास्त्रकारांनी ती आधीच लिहून ठेवलेली. आपण स्वतः उपास करतो त्याला तप म्हणतो. दुसऱ्याच्या पोटावर तो लादला की त्याचं नाव बदलतं.

नातवानंच मग कप घेतला. पूड टाकली, हलवला. सोडायच्या आधी थांबला आणि पुटपुटत णमोकार म्हटला. हे त्याला कुणी शिकवलं नव्हतं. मी खोलीतून निघून गेले नाही, एवढंच माझ्या बाजूनं म्हणता येईल.

पुढे आठवडाभरानं टॅको आपल्या घरी गेला. नातवानं त्यानंतर लेपर्डचं नाव काढलं नाही. एके दिवशी स्वतःच येऊन म्हणाला, “आजी, दुसरी एक जात आहे. ती फळांचं पीठ खाते.”

ही क्रेस्टेड गेको. ऑस्ट्रेलियाच्या पूर्वेला पॅसिफिकमध्ये न्यू कॅलेडोनिया नावाची बेटं आहेत, तिथली. शास्त्रज्ञांनी १८६६ मध्ये तिची नोंद केली, नंतर ती संपलीच असं समजत होते आणि १९९४ मध्ये पुन्हा सापडली. डोळ्यांवर पापण्यांच्या केसांसारखी टोकं आहेत, पण पापणी मात्र नाही. आपल्या पालीसारखी जिभेनं डोळा चाटते. बोटांना चिकट गाद्या, शेपटीच्या टोकालाही एक. झाडावर राहणारी, म्हणून पेटी उभी लागते, फांद्या आणि पानं लावून. लेपर्डला कोरडी ऊब, तर हिला ओलावा. रोज रात्री पाण्याचा फवारा मारायचा, पानांवरचे थेंब ती चाटते. उष्णता हिचा शत्रू. खोलीतला साधा गारवा पुरतो, पण ऐंशी-ब्याऐंशीच्या वर गेलं की जिवावर बेततं. टेक्सासच्या उन्हाळ्यात म्हणजे एसीवरच भिस्त. आयुष्य दोघींचं साधारण सारखंच. स्वभावात लेपर्ड शांत, हातावर बसून राहणारी. ही उड्या मारणारी. लहान मुलाच्या हाताला लेपर्डच बरी, असं पाळणारेही म्हणतात, आणि ते खरं आहे.

पण ताट वेगळं. रानात तीही किडे खाते, फळंही खाते, फुलांतला मधही. पाळणाऱ्यांनी तिच्यासाठी पूर्ण आहाराचं पीठ तयार केलंय. पाण्यात कालवायचं, बासुंदीइतकं दाट, झालं. किडे दिले तर वाढ जोमानं होते म्हणतात, पण दिलेच पाहिजेत असं नाही.

आता पाकिटावरचे घटक वाचण्यात आपला हात कोण धरणार? बिस्किटातलं जिलेटिन आणि चीजमधलं रेनेट शोधून आपले डोळे तयार झालेत. मुलगा संगणकावर दाखवत गेला, मी वाचत गेले. एकात किड्यांचीच भुकटी. दुसऱ्यात अंड्याची पावडर. तिसऱ्यात मधमाश्यांनी गोळा केलेला पराग. चौथ्यात केळं, अंजीर, पपई आणि दुधाचं प्रथिन होतं. पण पुन्हा तळाशी बारीक अक्षरात अंडं. मुलगा वैतागला. “आई, ती पाल जैन नाहीये!” मी म्हटलं, “पण कालवणारी आहे ना.” नंतर मीच एक पाऊल मागे आले. किड्यांची भुकटी नको, बाकी त्या प्राण्याला जे पूर्ण अन्न म्हणून लागतं ते असू दे. एकदा अन्नपाननिरोध करून बसले होते, पुन्हा स्वतःच्या सोवळ्यासाठी अर्धपोटी ठेवायची नव्हती. यावर तुमच्यातल्या काहीजणी मला बोलतील. बोला.

माझ्या एका श्वेतांबर मैत्रिणीनं तर फोनवर वेगळंच काढलं. त्यांच्यात श्रावकानं टाळायचे पंधरा धंदे सांगितलेत, कर्मादान. त्यातला शेवटचा असतीपोषण. हेमचंद्राचार्यांनी बाराव्या शतकात योगशास्त्रात त्याचा अर्थ सांगितलाय, पैशासाठी पोपट, मैना, मांजर, कुत्रं, कोंबडा, मोर पोसणं. ती म्हणाली, “तुम्ही पैशासाठी पोसत नाही, पण जो विकतो त्याचा धंदा तर चालवताच.” बरोबरच होतं. मुलानं ऐकलं आणि म्हणाला, सगळं सोडवत बसलो तर पोरगा कॉलेजात जाईल. घरीच पैदास करणाऱ्या एका बाईकडून क्रेस्टेड आणली. ती रक्कम नावे बाजूलाच पडून आहे. काचेची पेटी म्हणजे बांधून ठेवणं, तीही तिथेच.

रंग चिकूसारखा, म्हणून नाव चिकू. कालवण्याचं काम माझ्याकडे आलं. चिकूची वेळ रात्रीची, पण वाटी मी दिवस मावळायच्या आत भरून ठेवायची. नातू म्हणायचा, आजी, तिला अनस्तमित लागू नाही. मी म्हणायची, मला आहे. केळ्या-अंजिराचा वास यायचा. सकाळी वाटीत जिभेच्या बारीक खुणा दिसायच्या. घरात कुणी जेवून गेल्याची ती खूण बघून मला फार बरं वाटायचं.

आणि मग माझ्याच हातून घडलं. ऑगस्टमध्ये नातू तिला हातावर घेऊन मला दाखवत होता. ती उडाली ती थेट माझ्या खांद्यावर, मानेला गार पाय लागले. पासष्ट वर्षांची सवय, पाल अंगावर पडली! मी किंचाळून पदर झटकला. ती गालिच्यावर पडली, आणि तिच्यापासून हातभर अंतरावर तिची शेपटी, वळवळणारी.

आपल्या पालीची शेपटी पुन्हा येते. लेपर्डचीही येते, जराशी गोल, बोजड. क्रेस्टेडची येत नाही. गेली ती गेली. हे मला माहीत होतं, मीच वाचून दाखवलं होतं सगळ्यांना. पाच अतिचारांतला तिसराही माझ्या खात्यावर आला.

मी रडले. नातवानं तिला उचलून पेटीत ठेवलं, खाली स्वच्छ ओला कागद घातला, आणि मग माझ्याजवळ येऊन बसला. “आजी, रानात मोठ्या झालेल्या बहुतेक क्रेस्टेडना शेपटी नसतेच. त्या तशाच जगतात.” हेही खरं आहे, मी नंतर पडताळून पाहिलं. पण त्यानं ते मला सांगायला हवं होतं, असं त्याला वाटलं. दोन दिवसांनी चिकू नेहमीसारखी वाटी चाटायला आली. तोवर मी रोज सकाळी वाटी बघायला जात होते आणि नातू मी बघतेय का ते बघत होता.

निघताना सूनबाईंना पीठ कसं कालवायचं ते दाखवून आले. त्यांना रातकिडे नसले की कशाचीच भीती वाटत नाही.

इथे आल्यावर पहिल्याच संध्याकाळी व्हरांड्यात ट्यूबलाइट लावली आणि तिच्या कडेला नेहमीची पाल येऊन बसली. पाकोळ्या जमल्या. आम्ही सूर्यास्ताआधी जेवून उठतो आणि आमच्याच दिव्याखाली तिची पंगत सुरू होते, ती इतकी वर्षं बघत आलेय. तेव्हापासून कामाशिवाय ट्यूब लावत नाही. हे विचारतात, “अगं, अंधारात का बसलीस?” पाल गेली शेजारच्या बल्बवर.

नातवाचा व्हिडिओ कॉल रविवारी येतो. तो चिकू दाखवतो. मग म्हणतो, “आजी, आता तुझी दाखव.” मी मोबाईल घेऊन शेजारच्या भिंतीपाशी जाते. शेजारीणबाई खिडकीतून बघतात, मी त्यांना अजून काही सांगितलेलं नाही.